काकांच्या बोटाचा कोड चुकलाय का?

ताई, मी खानापूर तालुक्यातली. बीएस्सी करून मेडिकल कोडिंगचा (आजार-जखमांना ठरलेले कोड द्यायचा) कोर्स केला, आता घरूनच ट्रेनी म्हणून अमेरिकेतल्या इमर्जन्सी रूमचे चार्ट करते. हार्टचे, डायबेटिसचे मोठे चार्ट बरे जातात खरं बोटाला लागलेल्या बारक्या जखमांत ऑडिटला मार खाते. घरात सांगायची पण सोय नाही, आई म्हणते बोटाला लागलंय तर हळद लावा, नंबर कसला देताय. त्यात उद्यमबागला कामाला असलेल्या काकांच्या डाव्या हाताच्या मधल्या बोटाला मशीनवर लागलं, नख फाटलं, टाके पडले. डिस्चार्ज कार्डवर कोड लिहिलाय एस६१.१. आमच्या पुस्तकात तो अंगठ्याचा! मी काकांना म्हटलं हॉस्पिटलनं चुकवलंय, तर काका बिलिंग काउंटरवर जाऊन ‘माझा अंगठा धडधाकट हाय, हे काय लिवलंय’ म्हणून भांडून आले. तिथले लोक म्हणतात कोड बरोबरच आहे. नक्की कोण खरं? आणि चार्टमध्ये डावं-उजवं नसलं की मी उजवं धरते, ते चालतं का? मागच्या वर्षांची कोडबुकं एक मैत्रीण अर्ध्या किमतीत देते म्हणते, घेऊ का?
— गोंधळलेली, खानापूर

अगं बाई, आधी काकांना फोन लाव, मग पुढचं वाच. हॉस्पिटलनं लिहिलेला कोड बरोबर आहे. तुझ्या पुस्तकात एस६१.१ अंगठ्याचा आहे हे पण बरोबर आहे. दोन्ही बरोबर कसं म्हणशील तर पुस्तकंच दोन आहेत, आणि ट्रेनिंगमध्ये तुम्हाला दुसरं पुस्तक कोणी उघडूनसुद्धा दाखवत नाही कारण त्यांचं सगळं काम अमेरिकेचं.

आपल्याकडची हॉस्पिटलं वापरतात ती जागतिक आरोग्य संघटनेची आयसीडी-१०, म्हंजे आजार-जखमांच्या कोडची यादी. तिच्यात बोटाच्या उघड्या जखमेला जागा अगदी थोडी दिलीय. एस६१.० म्हंजे बोटाला जखम, नख शाबूत. एस६१.१ म्हंजे बोटाला जखम आणि नखाला पण इजा. झालं, संपलं. अंगठा असो की करंगळी, डावा हात असो की उजवा, सगळं ह्याच दोन खणांत. अमेरिकेनं ह्याच पुस्तकावर आपलं वाढीव पुस्तक बांधलं, आयसीडी-१०-सीएम, १ ऑक्टोबर २०१५ पासून तिथं तेच चालतं आणि त्यात कोड सात अक्षरांपर्यंत जातो. त्यांनी सुरुवातीचं एस६१ तसंच ठेवलं खरं आतली वाटणी बदलून टाकली, ६१.० आणि ६१.१ फक्त अंगठ्याला दिले आणि बाकीच्या चार बोटांना ६१.२ (नख शाबूत) आणि ६१.३ (नखाला इजा) असे नवे खण काढून दिले. तू शिकलीस ते हे. काकांच्या कार्डवर आहे ते पहिलं.

गंमत म्हंजे मुक्या माराला हे भांडण नाही, एस६०.० आणि एस६०.१ दोन्ही पुस्तकांत बोटाचा मुका मारच आहे, नखाशिवाय आणि नखासकट. उघड्या जखमेलाच नेमकं वेगळं करून ठेवलंय त्यामुळं तुझ्यासारख्या नव्या पोरी (आणि काही जुनेसुद्धा) घरच्यांची कागदं बघून ‘हे चुकलंय’ म्हणून मोकळे होतात.

आता काकांचं तेच बोट जर शिकागोच्या इमर्जन्सीत गेलं असतं तर तू काय लिहिलं असतंस? एस६१.३१३ए. उलगडून बघ, ६१ नंतरचा ३ म्हंजे अंगठा सोडून दुसरं बोट आणि नखाला इजा, मग १ म्हंजे लॅसरेशन (कापलेली-फाटलेली जखम) आणि आत काही अडकलेलं नाही, मग ३ म्हंजे डावं मधलं बोट, आणि शेवटचा ए म्हंजे उपचार चालू आहेत. तिथल्या क्लेमवर नुसतं एस६१.१ टाकलंस तर तो अर्धवट कोड म्हणून परत येणार. आणि इथल्या फॉर्मवर कोणी ३१३ए लिहिलं तर आपल्या टीपीएवाल्याला (विम्याचे क्लेम बघणाऱ्या मधल्या कंपनीला) ते काय आहे हेच कळायचं नाही.

मग आपल्याकडं डावं-मधलं हे कळतं कुठून? शब्दांतून. क्लेम फॉर्मचे दोन भाग असतात ना, ए आपण भरायचा आणि बी हॉस्पिटलनं, त्या बी भागात आयसीडी-१० चा रकाना असतो आणि त्याच्या बाजूला वर्णनाची जागा असते. तर काकांना सांग, कोडचं सोडा, डायग्नोसिसच्या ओळीत ‘डावा हात, मधलं बोट’ असंच आहे का ते बघा, ऑपरेशन नोटमध्ये, एक्सरेच्या रिपोर्टमध्ये पण तेच आहे का बघा. एकात डावं आणि एकात उजवं असलं तर ते मात्र खरंच दुरुस्त करून घ्यायला पाहिजे, शिक्का मारून. आणि नाव-पत्ता बघा म्हणावं, आपल्याकडं २०१४ च्या १ नोव्हेंबरला बेळगावचं सरकारी नाव बेळगावी झालं खरं लोकांच्या जुन्या पॉलिसीवर एक स्पेलिंग, आधारवर दुसरं, आणि कानडीतनं इंग्रजीत येताना आडनावाचं तिसरंच काहीतरी झालेलं असतं. माझ्या मते काकांनी काउंटरवर भांडायचंच होतं तर ह्यासाठी भांडायचं होतं.

(कारखान्यात काकांचं ईएसआय, म्हंजे कामगार विमा, कापत असतील तर आणखी एक. कामावर लागलंय, म्हंजे मालकानं अपघाताचा रिपोर्ट दिलाय का ते विचार. घरी बसायचे दिवस नियमात बसत असतील तर पगाराच्या ९० टक्के हिशोबानं भत्ता मिळतो, आणि उद्यमबागच्या बारक्या शॉपमध्ये ‘दोन दिवस बसून घे, मग ये’ म्हणून हे कागद राहूनच जातात.)

आता तुझ्या ऑडिटचं. तू लिहितेस मोठे चार्ट बरे जातात, बोटातच चुकते. साहजिक आहे, मोठ्या चार्टला माणूस घाबरून नीट वाचतो आणि बोटाचा चार्ट म्हंजे अर्ध्या पानाचा, डोळे वरवर फिरवून कोड टाकायचा मोह होतो. आणि बोटाच्या कोडमध्ये शेवटचा एक आकडा हुकला की बोटच बदलतं, सर्व्हे नंबर बरोबर खरं हिस्सा नंबर चुकला की शेजाऱ्याचं शेत आपल्या नावावर लागतं तसं.

अंगठा सोडून बाकीच्या बोटांना एक क्रम आहे तो एकदाच डोक्यात बसव. ० उजवी तर्जनी, १ डावी तर्जनी, २ उजवं मधलं, ३ डावं मधलं, ४-५ करंगळीशेजारचं बोट उजवं-डावं, ६-७ करंगळी उजवी-डावी. सम आकडा उजवा, विषम डावा. हा क्रम खरचटणं (एस६०.४१), फोड (६०.४२), वर रुतलेला काटा-कूस (६०.४५), किडा चावणं (६०.४६), कापणं (६१.२१, ६१.३१), चिरडणं (६७.१९) सगळीकडं तोच चालतो, फ्रॅक्चरला एस६२.६ मध्ये पण तोच. म्हणून पोरी तो पाठ करतात, आणि मग मुक्या माराला जाऊन आपटतात, कारण तिथं क्रम वेगळा आहे! एस६०.० मध्ये आधी बोट येतं, १ अंगठा, २ तर्जनी, ३ मधलं, ४ त्याच्या शेजारचं, ५ करंगळी, आणि त्याच्या नंतर बाजू, १ उजवी आणि २ डावी. म्हंजे डाव्या मधल्या बोटाला नुसता ठेचा बसला असेल तर एस६०.०३२ए, आणि दारात सापडून नखाखाली रक्त साकळून नख काळं पडलं असेल तर एस६०.१३२ए. इथं २ म्हंजे डावं, तिकडं २ म्हंजे उजवं मधलं. ऑडिटरची लाल शाई ह्या एका गोष्टीवर किती जाते ते तुझ्या जुन्या शीट काढून बघ, मला वाटतं निम्मं तिथंच सापडेल.

मग त्या पहिल्या, सम-विषमच्या क्रमातले ८ आणि ९. ह्यात पण घोळ होतो. कुठलं बोट हे लिहिलंय खरं डावं की उजवं लिहिलेलं नाही, तेव्हा ८. बोटच कुठलं ते लिहिलेलं नाही तेव्हा ९. दोन्ही कोड पुस्तकात आहेत, खरं ते शेवटचा उपाय म्हणून, सापडत नाही म्हणून कंटाळून टाकायला नाहीत.

आणि हे ‘उजवं धरते’ आजपासून बंद. बहुतेक माणसं उजव्या हातानं काम करतात म्हणून लागलेलं बोट उजवं, असा हिशोब तू करतेस बहुतेक. नीट विचार केलास तर तो हिशोब पण उलटा आहे, सुरी उजव्या हातात धरली की कापतं ते भाजी धरलेलं डावं बोट, हातोडा उजव्या हातात असला की ठेचतो तो खिळा धरलेला डावा अंगठा. म्हंजे अंदाजच करायचा तर डावा करायला पाहिजे होतास! खरं आपण अंदाज करायचाच नाही, डावा पण नाही उजवा पण नाही. डॉक्टरच्या नोटमध्ये बाजू नसली तर नर्सची ट्रायाज नोट (पेशंट आल्या आल्या केलेली नोंद) उघड, एक्सरेची ऑर्डर उघड, टाके घालतानाची प्रोसिजर नोट उघड. डॉक्टरनं बाजू लिहिली नसेल आणि दुसऱ्या क्लिनिशियननं लिहिली असेल तर ती घ्यायला गाईडलाइनची परवानगी आहे. दोन नोंदी एकमेकींशी भांडत असतील तर डॉक्टरला क्वेरी टाकायची. क्वेरी टाकली की लीड ओरडतो, प्रॉडक्शन पडतं, मला माहीत आहे, तरी टाकायची. चुकीच्या बोटाचा कोड एकदा गेला की त्या माणसाच्या रेकॉर्डला तो चिकटून राहतो.

डॉक्टर ‘थर्ड फिंगर’ लिहितात तेव्हा पण थांब. अंगठ्यापासून मोजलं तर तिसरं म्हंजे मधलं, अंगठा सोडून मोजलं तर करंगळीच्या शेजारचं. प्रोसिजरचे मॉडिफायर (उपचाराच्या कोडला मागं जोडायची दोन अक्षरं) अंगठ्यापासून मोजतात, एफए डावा अंगठा, एफ१ डावी तर्जनी असं करत एफ४ डावी करंगळी, मग एफ५ उजवा अंगठा ते एफ९ उजवी करंगळी. नखाखालचं साकळलेलं रक्त काढलं, त्या उपचाराचा कोड ११७४०, त्याला एफ२ लावलाय आणि डायग्नोसिसमध्ये तू करंगळीशेजारचं बोट टाकलंयस, तर क्लेम तिथंच अडकला. दोन्ही शेजारी ठेवून एकदा बघायची सवय लाव.

शेवटच्या अक्षराचं तू विचारलं नाहीस खरं सांगून ठेवते कारण ट्रेनी त्यात हमखास जातात. ए म्हंजे पहिली व्हिजिट असं नाही. ए म्हंजे अजून जखमेवर प्रत्यक्ष उपचार चाललेत. इमर्जन्सीतनं हाताच्या सर्जनकडं पाठवलं आणि त्यानं नखाचा बेड शिवला तर तिथं पण ए. टाके काढायला आला की डी. आणि टाके काढण्याचा झेड कोड असतो तो इथं नाही लावायचा, इजेच्या आफ्टरकेअरला मूळ जखमेचाच कोड आणि मागं डी. एस म्हंजे जखम भरून गेली खरं तिच्यामुळं पुढं काही राहिलं तेव्हा.

आणि काय काय कोड करायचं नाही हे पण तितकंच महत्त्वाचं. त्याच बोटाला खोल कापलंय आणि बाजूला थोडं खरचटलंय, तर खरचटण्याला कोड नाही, मोठ्या जखमेत ते गेलं. इमर्जन्सीचा चार्ट म्हंजे आउटपेशंट, तिथं ‘फ्रॅक्चर असू शकेल’, ‘रूल आउट फ्रॅक्चर’ असल्याला फ्रॅक्चर धरायचं नाही, रेडिओलॉजिस्टचा फायनल रिपोर्ट आलेला असला आणि त्यात हाड तुटलंय लिहिलं असलं तर धरायचं. धरलंस तर पुढं उघडं की बंद, सरकलेलं की न सरकलेलं असं येतं, आणि डॉक्टरनं दोन्ही लिहिलं नसेल तर नियमानं बंद आणि सरकलेलं. बोट बधिर वाटतंय लिहिलं म्हणून नर्व्ह इंज्युरी तू ठरवायची नाहीस.

फोडाचं एक बघ. शेतात दिवसभर खुरपं चालवून बोटाला फोड येतो तो एस६०.४२ मध्ये. तव्यावरचं तेल उडून आलेला फोड मात्र भाजण्यात, टी२३ मध्ये, आणि फोड आला म्हंजे सेकंड डिग्री. चार्टमध्ये दोन्हीकडं ब्लिस्टरच लिहिलेलं असतं, म्हणून वर कसं झालं ते वाचल्याशिवाय हात लावू नकोस. भाजण्याच्या कोडला कुठलं बोट ते विचारतच नाहीत, अंगठा की दुसरं एक बोट की अनेक बोटं, आणि बाजू, एवढंच. तिथं सम-विषम शोधत बसू नकोस.

तसंच लाकडाची कूस. वरच्या कातडीत रुतलीय तर ६०.४५, टोचून आत जखम झालीय आणि कूस आत राहिलीय तर ६१.२४. डॉक्टरनं पंक्चर वूंड लिहिलंय का स्प्लिंटर एवढंच लिहिलंय हे बघायचं. आपल्याला चित्र डोळ्यासमोर दिसतं म्हणून आपण जखम खोल करायची नाही.

कशामुळं झालं त्याचे डब्ल्यू-वाले कोड, सुरी लागली की डब्ल्यू२६.०एक्सएक्सए वगैरे, ते कधी पहिल्या नंबरला नाहीत, आणि अमेरिकेत ते सगळीकडं सक्तीचे पण नाहीत, राज्य किंवा पेयर (पैसे भरणारी विमा कंपनी) मागत असेल तर. तुझ्या क्लायंटची शीट बघ आणि तेवढंच कर. मधले ते दोन एक्स खाली जागा भरायला असतात, ते विसरलीस की ए सातव्या जागेवर येत नाही.

पुस्तकाचं. नको घेऊ. सीएमचं पुस्तक दर १ ऑक्टोबरला नवीन होतं, कोड वाढतात, काही जातात, आणि मुख्य म्हंजे त्यासाठी पैसे घालवायची गरजच नाही, टॅब्युलर लिस्ट, इंडेक्स आणि गाईडलाइन्स तिन्ही अमेरिकेच्या सीडीसी आणि सीएमएस ह्या सरकारी संस्थांच्या साइटवर फुकट पीडीएफमध्ये असतात. एस६०, एस६१, एस६२, एस६७ आणि टी२३ एवढी पानं काढून घे, झेरॉक्सवाल्याकडं स्पायरल करून घे. सीपीटीचं, म्हंजे उपचारांच्या कोडच्या पुस्तकाचं, तसं नाही, ते अमेरिकन मेडिकल असोसिएशनच्या मालकीचं, ते विकतच घ्यावं लागतं, खरं ते पण आता नको, परीक्षेचा फॉर्म भरशील तेव्हा त्या वर्षाचं घे.

आणि काकांना फोन करताना ‘पुस्तकं दोन आहेत’ हे समजावत बसू नकोस, त्यांना त्याचं काही पडलेलं नाही. ‘कोड बरोबर आहे, त्या काउंटरवरच्या पोराला सॉरी म्हणा आणि डिस्चार्ज समरीची एक सही-शिक्क्याची कॉपी जास्तीची मागून घ्या, ओरिजिनल क्लेमला लागते’ एवढंच सांग.